टसराचा पतंग आणि आपलें सोवळें

आमच्या लहानपणीं देवघराच्या शेजारीं एका उंच खुंटीवर आजोबांचा मुकटा असे. रंग वाळलेल्या गवतासारखा, पोत किंचित् खरबरीत, आणि उन्हांत धरला म्हणजे त्यावर मधाच्या रंगाची एक मंद झांक येई. पूजा, श्राद्ध किंवा एखादें कुलाचाराचें कार्य असलें म्हणजे आजोबा तो नेसत. आणि एकदां ते मुकटा नेसले, कीं आम्हां मुलांना त्यांच्यापासून चार हात दूर उभें राहावें लागे. "हा मुकटा कशाचा?" असें आम्हीं एकदां विचारलें, तेव्हां "टसराचा, भंडाऱ्याकडचा" एवढेंच उत्तर मिळालें. टसर म्हणजे काय, हें मात्र घरांत कोणालाच नीट सांगतां येईना. अखेर आजी म्हणाली, "झाडाचें असतें तें, म्हणून तर सोवळ्याला चालतें." आजीची ही समजूत चुकीची होती, परंतु ती किती प्राचीन आहे, आणि किती थोरामोठ्यांनीं तिला आश्रय दिला आहे, हें आम्हांस पुष्कळ वर्षांनीं कळलें.

टसर हें झाडाचें नव्हे, एका पतंगाच्या अळीचें. हा पतंग आकारानें एवढा मोठा असतो, कीं प्रथम पाहणारास तें पाखरूंच वाटावें. मादीनें पंख पसरले तर ते जवळजवळ वीतभर भरतात. मादी पिवळसर किंवा करडी, नर तिच्याहून लहान आणि बहुधा विटकरी रंगाचा. चारी पंखांवर एकेक वाटोळा डोळा, आणि त्या डोळ्याच्या मध्यें अभ्रकाच्या कपच्यासारखी एक पारदर्शक खिडकी असते. १७७३ सालीं ड्रूरी नांवाच्या इंग्रज संग्राहकानें आपल्या ग्रंथांत ह्याला 'मायलिट्टा' असें नांव दिलें. मायलिट्टा ही बाबिलोनकडची प्रेमदेवता. नांव कोणी सहज दिलें असलें तरी तें शोभतें. कारण पंख फुटल्यावर ह्या प्राण्याला संसारापलीकडे दुसरें कांहीं करावयाचें उरत नाहीं. त्याला खाण्यापुरतें तोंडच नसतें. अळीपणीं अंगांत सांठविलेल्या शिदोरीवर सातआठ दिवस जगावयाचें, रात्रीच्या काळोखांत जोडीदार गांठावयाचा, मादीनें दीडदोनशें अंडीं घालावयाचीं, आणि मरावयाचें. नराच्या डोक्यावरील मिशा पिसासारख्या फांकलेल्या असतात. मादीचा गंध वाऱ्यावरून ओळखण्याचें तें त्याचें साधन. मादी पिंजऱ्यांत कोंडून अंगणांत टांगली, तर रानांतले नर रात्रीं येऊन पिंजऱ्याला बिलगतात.

ह्या पतंगाचें घर म्हणजे मध्य हिंदुस्थानांतील कोरडीं, पानगळीचीं रानें. झारखंड, ओडिशा, छत्तीसगड येथून तें घर आपल्या भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली ह्या जिल्ह्यांपर्यंत येतें. शास्त्रज्ञांनीं टसराच्या ज्या निरनिराळ्या रानजाती मोजल्या आहेत, त्यांत एकीचें नांवच 'भंडारा' असें आहे. पूर्वेकडे अळी सालाच्या झाडावर वाढते. आपल्याकडे तिचें मुख्य अन्न ऐन आणि अर्जुन. बोरीचा पालाही तिला चालतो.

अंडें चपटें, तपकिरी, मसुरेएवढें. आठदहा दिवसांनीं त्यांतून काळ्या डोक्याची इवलीशी अळी निघते, आणि निघाली कीं खाऊं लागते. चार वेळां कात टाकून, पावसाळ्यांत महिनासव्वामहिन्यांत, ती हाताच्या बोटाहून लांब व जाड होते. रंग ऐनाच्या कोंवळ्या पानाचा, अंगावर विरळ केंस, आणि कुशीला चांदीच्या टिकल्यांसारखे चकचकीत ठिपके. एवढी मोठी अळी डोळ्यांसमोर फांदीला लोंबत असतांही नवख्याला दिसत नाहीं. झाडाखालीं तिची विष्ठा पडलेली दिसते, तेव्हां वर शोध सुरू होतो.

आतां तिच्या आयुष्यांतील अत्यंत शहाणपणाचें कृत्य येतें. तुतीवरचा घरगुती रेशमाचा किडा टोपलींत किंवा ताटांत कोठेंही कोश विणतो. टसराच्या अळीला तसें करून भागत नाहीं. तिच्या रानांत हिंवाळा सरतांना पानगळ सुरू होते. कोश पानाला चिकटविला तर तो पानाबरोबर जमिनीवर येणार, आणि जमिनीवर मुंग्या, उंदीर आणि वणवा. म्हणून ती प्रथम डहाळीभोंवतीं रेशमाची एक घट्ट कडी गुंफते. त्या कडीला दोनतीन अंगुळें लांब कणखर देंठ जोडते. आणि त्या देंठाला स्वतःभोंवतीं अंड्याच्या आकाराचा कोसा विणते. आंतून ती एक द्रव सोडते; तो वाळला म्हणजे भिंत चुनेगच्ची कामासारखी टणक होते. पानें झडून जातात, आणि उघड्या डहाळ्यांवर हे कोसे फळांसारखे लोंबत राहतात. आजीला तें 'झाडाचें' वाटलें, ह्यांत नवल तें काय? आंतला जीव मात्र निजलेला असतो. सबंध उन्हाळा, चंद्रपुराकडचा तो भाजून काढणारा उन्हाळा, तो कोशांत अन्नपाण्यावांचून काढतो. आणि मृगाच्या आगेमागें हवेंत ओल आली कीं जागा होतो. त्याला दांत नाहींत, नखें नाहींत. तोंडाजवळून एक रस झरवून तो कोसा एका टोंकाशीं मऊ करितो, धागे बाजूला सारतो, आणि एखाद्या संध्याकाळीं ओलेत्यानें बाहेर येऊन पंख वाळवीत बसतो.

ह्या धाग्याची माणसाशीं ओळख फार जुनी. रेशीम म्हणजे चीन, असा आपला ठाम समज असतो. परंतु हडप्पा आणि चन्हुदडो येथील दागिन्यांच्या आंत अडकून राहिलेले धाग्यांचे अवशेष सूक्ष्मदर्शकाखालीं तपासून, ते रानरेशमाचे आहेत असा निष्कर्ष २००९ सालीं संशोधकांनीं प्रसिद्ध केला. त्यांत टसराच्या पतंगाची ओळख त्यांनीं पटविली. त्या वस्तूंचा काळ ख्रिस्तपूर्व २४५० ते २००० असा आहे. आम्हांस त्याहून जवळची वाटते ती आपल्या नेवाशाची गोष्ट. प्रवरेच्या कांठीं तेथें डेक्कन कॉलेजनें १९५४ ते १९५६ ह्या वर्षांत उत्खनन केलें. ख्रिस्तपूर्व दुसऱ्या सहस्रकांतील एका वस्तींत पुरलेल्या लहान मुलाच्या गळ्यांत तांब्याच्या मण्यांची माळ सांपडली. मण्यांच्या भोंकांत तांब्याच्या गंजानें राखलेला दोरा होता, आणि तपासणींत त्या दोऱ्यांत कापसाबरोबर रेशीम आढळलें. ज्ञानेश्वरांच्या नेवाशाला आम्ही अनेकदां गेलों. त्या मातींत रेशमी दोऱ्यांत मणी ओंवून मुलाच्या गळ्यांत घालणारी कोणी आई होऊन गेली, हें तेव्हां आमच्या गांवीं नव्हतें.

पुढें ग्रंथांचा काळ येतो, आणि येथें आजीला मोठमोठे साक्षीदार मिळतात. पाणिनीनें 'कौशेय' हा शब्द कोशापासून साधला आहे; म्हणजे व्याकरणकाराला मूळ ठाऊक होतें. पण कौटिल्यानें कौशेयाबरोबरच 'पत्रोर्ण' नांवाचें एक वस्त्र सांगितलें आहे: पत्रोर्ण, म्हणजे पानांची लोंकर. तें मगध, पुंड्र आणि सुवर्णकुड्य येथें होई. नाग, लिकुच, बकुळ आणि वड हीं त्याचीं झाडें. आणि पिवळा, गव्हाळ, पांढरा, लोण्यासारखा असे त्याचे रंग. पुष्कळ विद्वान् ह्याला रानरेशीम समजतात. झाडांच्या नांवांत ऐन किंवा अर्जुन नाहीं, म्हणून हें टसरच असें आम्ही म्हणणार नाहीं. परंतु अळी विसरून पान तेवढें लक्षांत ठेवण्याची खोड त्या नांवांत उघड दिसते. तिकडे रोमन ग्रंथकार प्लिनी हाही रेशीम पानांवरून विंचरून काढतात असेंच लिहून गेला. खुद्द 'टसर' हा शब्द संस्कृत 'तसर', म्हणजे विणकराचा धोटा, ह्यावरून आल्याचें सांगतात. म्हणजे ह्या नांवांतही अळीचा पत्ता नाहीं.

अळीची आठवण कोणीं ठेवली असेल तर ती बौद्ध भिक्षूंच्या विनयग्रंथांनीं. आळवी येथें कांहीं भिक्षू कोशकारांकडे गेले आणि आम्हांलाही आंथरुणासाठीं रेशीम द्या, पुष्कळ कोश उकळा, असें म्हणूं लागले. तेव्हां ते कारागीर चिडले: आम्ही बायकामुलांच्या पोटासाठीं हे जीव मारितों, तुम्हांला ह्याची काय गरज? ह्यावरून रेशीम मिसळलेल्या आंथरुणाचा निषेध करणारा नियम झाला. आमच्या स्मृतिकारांस ही अडचण पडली नाहीं. मनूनें कौशेय व लोंकर खाऱ्या मातीनें शुद्ध होतात असें सांगितलें, आणि कौशेय चोरणारा पुढच्या जन्मीं तित्तिर पक्षी होतो अशी दहशतही घातली. कोशांतील जिवाबद्दल मात्र तेथें कांहीं नाहीं.

ही खारी माती येथें कशी आली, हेंही पाहण्यासारखें आहे. टसराचा कोसा साध्या पाण्यांत उकळून उलगडत नाहीं. राखेच्या किंवा सोड्याच्या खारट पाण्यांत तो शिजवावा लागतो, तेव्हां ती चुनेगच्ची भिंत सुटते. त्याआधीं आंतला जीव उन्हानें किंवा वाफेनें मारलेला असतो. कारण पतंग बाहेर पडला, कीं धागा सलग निघत नाहीं, कापसासारखा कांतावा लागतो. न फुटलेल्या एका कोशांतून सातआठशें मीटर आणि क्वचित् त्याहून लांब धागा निघतो. अनेक कोशांचे धागे एकत्र ओढून बायका ते उघड्या मांडीवर वळीत. वर्षानुवर्षें वळून मांडीचें कातडें सोलवटून जाई. २०१७ सालीं केंद्र सरकारनें ह्या मांडीवरच्या कामाऐवजीं लहान यंत्रें देण्याची योजना काढली. म्हणजे हें काम एकविसाव्या शतकांतही चालूच होतें. त्या धाग्यावर विदर्भांतील विणकर करवतकाठी साड्या विणीत आले, आणि आमच्या आजोबांचा मुकटाही त्याच वाटेनें आमच्या खुंटीवर आला असला पाहिजे.

तर सोवळ्याच्या ह्या वस्त्रामागें हजारों जिवांची हत्या आहे, असें कोणी म्हणेल. तें खरें आहे. पण आम्हांस अधिक टोंचते ती दुसरीच गोष्ट. भंडारा-गडचिरोलीकडे टसराची अळी राखण्याचें काम मुख्यतः ढिवर लोकांचें. छत्तीसगड-झारखंडाकडे गोंड, संथाळ आणि इतर वनवासी तें करीत आले. अळ्या झाडावर सोडल्या, कीं त्या उतरेपर्यंत राखणदाराचा मुक्काम रानांत, पाल्याच्या झोंपडींत. दिवसा कावळे आणि इतर पांखरें, झाडावर मुंग्या आणि गांधीलमाशा. ह्यांना गोफण-गलोलीनें आणि हातानें वारीत बसावयाचें. एका झाडाचा पाला संपला, कीं अळ्यांसह डहाळ्या कापून दुसऱ्या झाडावर न्यावयाच्या. ह्या मुदतींत राखणदार कसे राहत, ह्याच्या नोंदी एकोणिसाव्या शतकांतील इंग्रज अधिकाऱ्यांनीं ठिकठिकाणीं केल्या आहेत. मांस वर्ज्य, अंगाला तेल वर्ज्य, हजामत नाहीं, बायकोपासून दूर राहावयाचें, आणि विटाळाच्या माणसाला झाडाजवळ फिरकूं द्यावयाचें नाहीं. वाचक, हें सोवळेंच नव्हे काय? आणि तें आमच्यापेक्षां कडक. आमचें जेवणापुरतें, त्यांचें चाळीस-पन्नास दिवसांचें. ज्यांनीं इतक्या निष्ठेनें हा धागा सोवळ्यांत वाढविला, त्यांची सांवलीही तो धागा नेसलेल्या माणसाला चालत नसे. आमच्या आजोबांना दोष देण्याचा अधिकार आम्हांस नाहीं. त्यांना हें ठाऊकच नव्हतें. पण ठाऊक करून घ्यावें असें घरांत कोणालाच वाटलें नाहीं, हें मात्र खरें.

ह्या नियमांना भोळसट म्हणून हंसणाऱ्यांनीं एवढें ध्यानांत घ्यावें, कीं अळी फार नाजूक असते. 'पेब्रिन' नांवाचा तिचा रोग घाणींतून आणि मातेच्या अंड्यांतून पसरतो. १८६५ नंतरच्या पांच वर्षांत फ्रान्समध्यें पाश्चरनें तुतीच्या किड्यांत हें शोधून काढलें, आणि अंडीं घातलेल्या मादीला सूक्ष्मदर्शकाखालीं तपासण्याची युक्ति सांगितली. टसराच्या बियाण्याची पारख आजही त्याच रीतीनें होते.

आतां आपल्या दख्खनकडे वळूं. येथील कथा जरा लाजिरवाणी आहे. कर्नल साइक्स हे मुंबई सरकारच्या नोकरींत असतांना १८२४ पासून दख्खनची पाहणी करीत फिरले. १८३१ सालीं ते स्वदेशीं परतले, आणि त्यानंतर त्यांनीं लंडनच्या रॉयल एशियाटिक सोसायटीपुढें दख्खनांतील एका रेशमाच्या किड्यावर निबंध ठेवला. त्यांनीं दिलेलें मराठी नांव रोमन अक्षरांवरून वाचलें तर 'कोलिसुरा' असें होतें. किडा हाच, टसराचा. नेवाशाच्या त्या आईच्या मुलखांत तो रानोमाळ होता. पण त्याचा उपयोग काय? लोक टणक कोसा चक्राकार कापीत, त्याची लांब वादी काढीत, आणि तिनें तोड्याच्या बंदुकीची नळी दस्त्याला बांधीत! वादी चामड्याहून चिवट असे. ज्या कोशांतून रेशमाचा धागा निघतो, तो आम्हीं बंदुकीला गुंडाळला. मराठ्यांचा हा व्यवहारीपणा पाहून हंसावें कीं रडावें, हें आम्हांस कळत नाहीं.

बंगालकडील टसराची हकीकत वनस्पतिशास्त्रज्ञ रॉक्सबर्ग ह्यांनीं त्याआधींच, १८०४ सालीं, छापली होती. मग विलायतेंतील लीक गांवचा रंगारी टॉमस वॉर्डल पुढें आला. टसरावर रंग बसत नाहीं, ही जुनी तक्रार. वॉर्डलनें प्रयोग करून रंग बसविले, आणि १८७८ च्या पॅरिस प्रदर्शनांत तें कापड मांडून दाखविलें. सीलच्या कातड्यासारखें दिसणारें लवदार कापड टसरापासून होऊं लागलें, मागणी वाढली. परंतु ह्या मागणीचा मुख्य लाभ चीनला झाला. तिकडे ओकच्या झाडावर टसराचाच एक भाऊबंद किडा पोसतात. इकडे मुंबई इलाख्यांत मेजर कूसमेकर ह्या अधिकाऱ्यानें १८७० नंतरच्या दशकांत दख्खनचा टसर माणसाच्या हातीं वाढवितां येतो कीं काय, ह्याची खटपट मोठ्या चिकाटीनें केली. वॉर्डलच्या १८८१ च्या पुस्तकांत त्यांच्या निरीक्षणांचा मोठा आधार घेतलेला आहे. तरी तो उद्योग येथें रुजला नाहीं. तुतीचा किडा हजारों वर्षांच्या सहवासानें इतका मिंधा झाला आहे, कीं त्याच्या पतंगाला उडतांही येत नाहीं आणि अळी टोपलीबाहेर जात नाहीं. टसराचा नर मात्र पंख वाळले कीं काळोखांत निघून जातो. १९६४ सालीं रांची येथें खास टसरासाठीं संशोधनसंस्था निघाली. बियाणें सुधारलें, रोग आटोक्यांत आले, तरी अळी अजून झाडावरच वाढवावी लागते.

म्हणून टसर राखणाऱ्याचें सारें दैव त्या झाडावर, आणि झाड सरकारचें. १९२७ च्या जंगल कायद्यांत वनोपजांची जी यादी आहे, तींत वन्य पशूंचीं कातडीं, शिंगें, हाडें ह्यांच्या रांगेंत रेशीम आणि कोसे ह्यांचीं नांवें आहेत. ज्या ऐनाखालीं बापानें व्रत पाळलें, तेथें पोराला परवानगी मागावी लागे. २००६ च्या वनहक्क कायद्यानें गौण वनोपजावर वनवासी लोकांचा मालकी हक्क मान्य केला. त्यांतील गौण वनोपजाची व्याख्या आम्हीं मुद्दाम काढून वाचली. तींत वनस्पतींपासून मिळणारा माल असें म्हणून बांबू, वेत, तेंदूपानें ह्यांच्याबरोबर टसर, कोसे, मध, मेण आणि लाख हीं गोंवलीं आहेत! संसदेनें सांगितलें कीं टसर झाडाचें असतें. आमची आजी आज असती, तर तिला हें वाचून दाखविलें असतें. मात्र ह्या चुकीनें कोणाचें नुकसान झालें नाहीं. कौटिल्याच्या पत्रोर्णापासून चालत आलेली गैरसमजूत एकदां तरी राखणदाराच्या उपयोगीं पडली.

गेल्या भाद्रपदांत आम्ही आरमोरीकडे गेलों होतों. सडकेपासून आंत एका ढिवराचें राखण होतें. ऐनाचीं लहान झाडें, त्यांवर अळ्या, बाजूला पाल्याची खोप. आम्ही उत्साहानें झाडाकडे निघालों, तोंच म्हाताऱ्यानें हात वर केला. "तिथंच उभे ऱ्हा जी. अंगाले वास येते तुमच्या. अळीले नाही सोसत." आम्हीं सकाळीं सुवासिक साबण लावला होता. चपला काढून आम्ही चार हात दूर उभे राहिलों, आणि त्यानें फांदी वांकवून लांबूनच अळी दाखविली. पानाच्या कडेला तिचें डोकें भराभर खालींवर होत होतें, आणि कुशीवरचे चांदीचे ठिपके उन्हांत चमकत होते. तेवढ्यांत शेजारच्या झाडावर कावळा बसला, आणि म्हातारा गलोल घेऊन तिकडे धांवला.